गादी घेतली, पण खाली काय?

आमच्या घरात गादीवर दोन महिने चर्चा चालली. फोमची की काथ्याची, चार इंची की सहा इंची, चंद्रपूरच्या दुकानातून आणायची की मोबाईलवरून मागवायची, यावर नणंदेपासून कोपऱ्यावरच्या किराणावाल्यापर्यंत सगळ्यांनी आपापलं मत दिलं. आणि ती गादी ठेवायची कशावर? त्यावर आम्ही अर्धा मिनिटही बोललो नाही. "लोखंडी पलंग आहे ना घरात," असं आमचे हे म्हणाले आणि विषय संपला. त्या एका वाक्याने पुढचं वर्षभर आम्हाला नाचवलं.

आमचं गाव वरोरा-चिमूर रस्त्यापासून थोडं आत. काळी जमीन, कापूस, सोयाबीन, हिवाळ्यात चणा. मामाजी, म्हणजे माझे सासरे, ७१ वर्षांचे. जन्मभर नवारीच्या बाजेवर झोपले. उन्हाळ्यात बाज अंगणात, पावसाळ्यात सपरीत, आणि पाहुणा आला की त्याची बैठकही बाजेवरच. पण दोन वर्षांपासून त्यांची कंबर धरायला लागली. सकाळी उठायचं म्हणजे आधी एका कुशीवर व्हायचं, मग बाजेचा दांडा धरायचा, मग पाय खाली सोडायचे आणि मग "आई वं" करत उभं राहायचं. मी चुलीवर पाणी ठेवता ठेवता हे रोज पाहायची. बाजेला मधे झोळ असतो. नवार कितीही ताणून बांधा, महिनाभरात माणूस मधल्या खळग्यात जातोच.

वरोऱ्याच्या डॉक्टरांनी फोटो काढला, मणक्यांत झीज आहे म्हणाले, व्यायाम दिला आणि बाज बंद करायला सांगितली. मामाजींनी लगेच विचारलं, "मंग फळीवर झोपू का?" कारण त्यांचे एक मित्र कंबरेसाठी वर्षानुवर्षं दाराच्या जुन्या फळीवर झोपत आले आहेत आणि ते भेटेल त्याला सांगतात. डॉक्टर हसले. फळी नाही, आणि अंग बुडेल असं मऊही नाही, मध्यम कडक पाहिजे, म्हणाले. मी घरी येऊन याबद्दल वाचलं. २००३ साली लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात स्पेनमधल्या ३१३ कंबरदुखीच्या रुग्णांवरचा अभ्यास आला होता. काहींना कडक गादी दिली, काहींना मध्यम. ९० दिवसांनी मध्यम गादीवाल्यांचा त्रास जास्त कमी झाला होता. मामाजींना हे सांगितलं तर म्हणाले, "स्पेनमंधी बाज नसंन."

गादी थेट जमिनीवर टाकायचा विचारही झाला. सगळ्यात स्वस्त, आणि सपाट तर असतेच. पण आमच्याकडे पावसाळ्यात मण्यार निघते. रात्री फिरणारा साप, खाली झोपलेल्या माणसाच्या अंथरुणात शिरतो, चावला तर कित्येकदा दुखतही नाही, कळतही नाही. आमच्याच गावात एक पोर त्यातून जेमतेम वाचलं. त्यामुळे खाली झोपायचं नाही हे ठरलेलं. शिवाय मामाजींना जमिनीवरून उठवणार कोण?

सोयाबीन विकलं आणि दिवाळीच्या आधी गादी मागवली. ७२ बाय ४८, सहा इंच जाड. खाली कडक फोम, वर दोन इंच मेमरी फोम. गाडी गावापर्यंत येत नाही म्हणून वरोऱ्याला जाऊन खोकं ऑटोत टाकून आणलं. प्लास्टिक कापलं तशी गुंडाळी आपोआप उलगडायला लागली, हळूहळू फुगायला लागली. मामाजी दोन पावलं मागे सरकले. "हे तं जितं जनावर हाये," म्हणाले.

लोखंडी पलंग म्हणजे माझ्या लग्नातलं आंदण. अँगलची चौकट, सहा बाय चार, वर आडव्या सहा पट्ट्या. त्यावर पंधरा-सोळा वर्षं कापसाची गादी होती आणि कधीच काही तक्रार नव्हती. मापं जुळत होती. गादी चपखल बसली. मामाजी पहिल्या रात्री झोपले आणि सकाळी म्हणाले, "बरं वाटते." आम्हाला वाटलं, सुटलो.

संक्रांतीच्या सुमारास तिळगूळ द्यायला गेले तेव्हा ते म्हणाले, "सूनबाई, हे गादी बी बाजेसारखीच झाली पाहाय." मला आधी वाटलं, सवयीने म्हणत असतील. दुपारी ते पारावर गेल्यावर मी स्वतः त्या गादीवर आडवी झाले. खरंच. कंबर खाली गेलेली, आणि पाठीखाली लाटा लाटा लागत होत्या.

मग मी एक काम केलं, ते सगळ्यांनीच करावं. घर बांधताना गवंड्याने विसरलेली लाईनदोरी होती. ती डोक्याकडून पायाकडे, गादीच्या मधोमध, ताणून धरायला लावली. एका टोकाला पोरगा, दुसऱ्या टोकाला हे. आणि दोरीपासून गादीपर्यंतचं अंतर टेपने मोजलं. मधे दीड इंच. तीन महिन्यांच्या गादीला दीड इंच! मग तीच गादी दोघांनी उचलून समोरच्या खोलीत फरशीवर टाकली, तासभर तशीच राहू दिली, आणि पुन्हा दोरी धरली. पाव इंच, तेही धड नाही. म्हणजे गादी ठीकच होती. तिच्या खाली जे होतं ते बिघडलेलं.

पलंग उघडा पडल्यावर तो मी पहिल्यांदा नीट पाहिला. मधल्या दोन पट्ट्या गंजून खाली वाकलेल्या, आणि दोन पट्ट्यांमधली जागा नऊ-साडेनऊ इंच. माझा अख्खा पंजा आडवा घातला तरी उरत होती. कापसाची गादी दाबून दाबून लाकडासारखी झालेली असते, ती या पट्ट्यांवरून पुलासारखी जाते. फोम तसा जात नाही. जिथे खाली आधार नाही तिथे तो हळूच ओघळतो, आणि वर झोपणाऱ्याला त्या लाटा लागतात.

मी कंपनीला फोन केला. नाव घेत नाही. फोनवरची मुलगी गोड बोलली, पलंगाचा फोटो पाठवायला लावला आणि दुसऱ्या दिवशी कळवलं की असा आधार असेल तर वॉरंटी लागू होत नाही. गादीसोबतच्या कागदावर शेवटच्या पानावर बारीक अक्षरात लिहिलं होतं: आधार सपाट आणि मजबूत हवा, पट्ट्यांमधली फट तीन इंचांपेक्षा जास्त नको. आता हे चूक नाही, हे मी मान्य करते. पण घेताना उंची विचारली, वजन विचारलं, पाठ दुखते का विचारलं, पैसे कसे देणार हे तर तीनदा विचारलं. "बाई, गादी ठेवणार कशावर?" एवढं मात्र कुणीच विचारलं नाही.

मग सुरू झाला आधाराचा शोध. नणंद म्हणाली, बॉक्सचा पलंग घ्या, खाली सामानही राहतं. चंद्रपूरला एका शोरूममध्ये गेलो. दुकानदाराने हायड्रॉलिकवाला उघडून दाखवला, आत पाच पोती धान्य मावेल एवढी जागा. मला क्षणभर मोह झाला, खोटं कशाला बोलू. पण बाजूची फळी मी नखाने टोकरून पाहिली. भुसा दाबून केलेली, वर चकचकीत कागद. आमच्या घरात एका कोपऱ्यातून पावसाळ्यात पाणी झिरपतं. असली फळी पाण्याने पावासारखी फुगते, हे मी नणंदेच्याच घरी पाहिलेलं. शिवाय जमिनीला टेकलेला बंद डबा म्हणजे उधईला, वाळवीला, आमंत्रण. खाली झाडू जात नाही, मग आत काय चाललंय हे कळणार कधी? तिथल्याच दुसऱ्या पोराने बॉक्स स्प्रिंग म्हणून काहीतरी सांगितलं, गादीखाली ठेवायची स्प्रिंगांची पेटी. आपल्याकडच्या फोमच्या गादीला ती लागत नाही, उलट सपाट, न हलणारं काहीतरी लागतं. तिथून आम्ही नुसतेच निघालो आणि येताना फक्त संत्री घेतली.

हे म्हणाले, पलंगावर प्लाय टाकू, झंझट मिटवू. वरोऱ्याच्या प्लायवाल्याने विचारलं, "कोणतं देऊ? एमआर की बीडब्ल्यूपी?" मी म्हटलं, फरक सांगा. त्याने समजावलं ते असं. एमआर म्हणजे ओलावा सोसणारं, आयएस ३०३ च्या शिक्क्याचं, घरातल्या कोरड्या फर्निचरला चालतं. बीडब्ल्यूपी म्हणजे उकळत्या पाण्याला टिकणाऱ्या गोंदाचं, आयएस ७१० चं, स्वयंपाकघरासाठी. ते महाग. जाडी १२ मिमी आणि १८ मिमी. शीट येते आठ बाय चारची, म्हणजे ३२ चौरस फूट, आपल्याला पाहिजे सहा बाय चार. उरलेला दोन फुटांचा तुकडा घरी न्या, नाहीतर इथेच राहू द्या, म्हणाला. मी आणला. त्यावर आता शेवया वाळतात. आम्ही घेतलं १२ मिमीचं एमआर, ५२ रुपये फुटाने. एमआर म्हणजे ओलावा सोसणारं, हे ऐकून मला पूर्ण समाधान झालं होतं. शब्द किती फसवतात.

गावातल्या वेल्डिंगवाल्याकडून वाकलेल्या दोन पट्ट्या सरळ करून घेतल्या, वर प्लाय, वर गादी. दोरी धरून पाहिली. सपाट. मामाजी खूश. फाल्गुन गेला, उन्हाळा गेला. उन्हाळ्यात एक तक्रार आली, गादी तापते आणि मऊ पडते. तेही खरं. मेमरी फोम हा १९६६ च्या सुमारास नासाच्या कामातून निघालेला, विमानातल्या आसनांसाठी. अंगाच्या उबेने मऊ होणं हाच त्याचा गुण. आता चंद्रपूर जिल्ह्यातल्या मे महिन्यात, पारा ४५ च्या वर असताना, खोलीच जर अंगापेक्षा गरम असेल तर तो बिचारा काय करणार? मामाजी त्या दोन महिन्यांत रात्री अर्धा वेळ अंगणातच काढायचे. ते चोरून बाजेवर झोपतात हे मला माहीत होतं, मी काही बोलले नाही.

पावसाळा लागला तसे ते आत आले. आणि पोळ्याच्या आधी घर झाडायला काढलं तेव्हा मी गादीचं एक टोक उचललं.

पहिल्यांदा वास आला. ओल्या पोत्याचा, कुबट. मग दिसलं. प्लायवर काळपट ठिपके, दाट, आणि त्या ठिपक्यांचा आकार झोपलेल्या माणसाच्या पाठीसारखा: खांद्याकडे रुंद, कंबरेला थोडा अरुंद. गादीच्या खोळीच्या खालच्या बाजूला अगदी तस्साच ठसा, जणू छापलाय. प्लायचा वरचा पातळ थर दोन ठिकाणी फुगून फोड आल्यासारखा झाला होता. बोटाने दाबलं तर खाली पोकळ.

वरून एक थेंबही पडलेला नव्हता. हा ओलावा माणसाच्याच अंगातला. रात्रभर झोपलेल्या माणसाच्या अंगातून घाम आणि वाफ निघत राहते, ती गादीत शिरते, खाली जाते आणि थंड फळीवर अडते. पुढे वाट नाही. बाहेर आषाढ-श्रावणाची ओल, खिडक्या डासांमुळे बंद, मग वाळणार कशी? कापसाची गादी आम्ही रोज सकाळी गुंडाळत होतो, आठवड्याला उन्हात टाकत होतो, तीन-चार वर्षांनी पिंजाऱ्याकडे नेऊन पिंजून घेत होतो. फोमची गादी घरात आल्यापासून तिला कुणी हातच लावला नव्हता. जाहिरातीत तसंच दाखवतात ना, एकदा टाकली की झालं.

मामाजींनी दुसऱ्या दिवशी सकाळी ऊन पडलेलं पाहिलं आणि पोराला घेऊन गादी अंगणात काढली. मी भाजी निवडत होते, धावत गेले. कापसाला ऊन लागतं, फोमला नाही. कडक उन्हात फोम पिवळा पडतो, त्याचा चुरा होऊ लागतो. सावलीत, पण वारा लागेल असा ठेवायचा. खोळ काढून धुतली, फोमवरचे डाग पाणी आणि व्हिनेगरच्या ओल्या फडक्याने नुसते टिपून घेतले, कारण फोम भिजवला की आतून वाळतच नाही. मग प्रश्न, ठेवायची कशावर? भिंतीला टेकवली तर मधेच वाकते. तेव्हा मामाजींनी सपरीतली बाज ओढली, शेजारून दुसरी मागून आणली, दोन्ही जोडून त्यांवर गादी आडवी टाकली आणि पंखा लावला.

दोन दिवसांत गादी खडखडीत. खालून हात लावला तरी कोरडी. मी त्या बाजेखाली वाकून पाहिलं, नवारीच्या चौकोनांतून वरच्या गादीचा पांढरा तळ दिसत होता. वारा सरळ लागत होता. मला तिथेच उमगलं. बाज वारा खेळवते पण झुकते. प्लाय झुकत नाही पण वारा अडवतो. मला दोन्ही पाहिजे होतं.

गावात आमचे एक वाढई आहेत, बैलगाडीच्या चाकापासून देवघरापर्यंत सगळं करतात. त्यांना बोलावलं. त्यांनी प्लायला टिचकी मारली, फोड पाहिले आणि म्हणाले, "वयनी, याले भोकं पाडून देऊ का? सहा-सहा इंचावर इंचाचं भोक. हवा जाईन." नवा, जाड, १८ मिमीचा प्लाय असता तर मी हो म्हटलं असतं. ज्यांच्याकडे चांगला प्लाय आधीच आहे त्यांनी तेच करावं, स्वस्तातलं काम आहे. पण आमचा थर सुटायला लागला होता. मी म्हटलं, "भाऊ, पट्ट्या करता येतील? लाकडाच्या, जवळ जवळ?"

लाकूड घरचंच. जुनं धाब्याचं घर पाडलं तेव्हाच्या सागवानाच्या दोन बल्ल्या आणि काही फळ्या वाड्यात पडून होत्या. आमचा जिल्हा सागवानाचा. बल्लारशाहचं सागवान अयोध्येच्या राम मंदिराच्या दारांसाठी गेलं ते २०२३ साली, तेव्हा मिरवणूक निघाली होती. घरच्या सागवानाला मिरवणूक नसते, पण ते रस्त्यावर काढलं की मात्र वाहतूक परवाना दाखवा, शिक्का दाखवा, हे सुरू होतं. म्हणून आरा मशीनवर न नेता वाढईभाऊच आपलं कापायचं यंत्र घेऊन आमच्या अंगणात आले. आतून लाकूड निघालं ते तेलकट, मधासारख्या रंगाचं. साठ वर्षं छतात राहिलेलं. "याले उधई विचारत बी नाही," ते म्हणाले, आणि बाहेरचा फिकट रंगाचा थर मात्र त्यांनी काढून टाकला, कारण उधई त्याला सोडत नाही.

आता माप. त्यांना अंदाजाने करायचं होतं, मला टेपने. लांबी ७२ इंच. पट्टी तीन इंच रुंद, पाऊण इंच जाड, ४८ इंच लांब. चौदा पट्ट्या म्हणजे ४२ इंच लाकूड. उरले ३० इंच, आणि फटी तेरा. म्हणजे प्रत्येक फट सव्वादोन इंचाहून जरा जास्त. तीनच्या आत. बारा पट्ट्यांत केलं असतं तर फटी अकरा आणि प्रत्येक फट सव्वातीन इंचांवर गेली असती, म्हणजे दोन पट्ट्यांचं लाकूड वाचवून पुन्हा तिथेच. वाढईभाऊंनी सव्वादोन इंचाची एक गोटी कापली आणि प्रत्येक पट्टी ठेवताना ती गोटी मधे धरून पुढची पट्टी तिला भिडवत गेले. शेवटी पाऊण इंच उरला. त्याची वाटणी त्यांनी पायथ्याकडच्या तीन फटींत करून टाकली. तिथे काय, नुसते पाय असतात.

एक पट्टी ठेवून ते स्वतः तिच्यावर उभे राहिले. चार फूट लांब पट्टी मधे चांगलीच लवली. "मामाजीचं वजन नाई हो, पण नातू उड्या मारंन," म्हणाले. म्हणून वेल्डिंगवाल्याला पुन्हा बोलावलं. जुन्या पट्ट्या कापून टाकल्या, पलंगाच्या मधून डोक्याकडून पायाकडे एक चौकोनी पाईप घातला आणि त्याला मधोमध एक पाय दिला, जमिनीला टेकणारा. हा पाचवा पाय बघायला विचित्र दिसतो. पण चार फुटांहून रुंद पलंग ज्यांचा आहे, पाच-सहा फुटी, त्यांनी तर तो विसरूच नये. माझ्या भावाकडे पाच फुटी पलंग आहे, मधला पाय नाही, नवरा-बायको दोघंही रात्रीतून मधे घरंगळतात आणि गादीला नावं ठेवतात.

त्याच वेळी मी आणखी एक गोष्ट करून घेतली, ती वर्षभर आधीच करायला हवी होती. पलंगाची उंची १८ इंच, वर सहा इंची गादी. मामाजी काठावर बसले की पाय लटकायचे, उठताना घसरून उतरावं लागायचं. दुखणाऱ्या कंबरेला गादी नाही, हे उतरणंच जास्त छळत होतं, असं मला आता वाटतं. त्यांना खुर्चीवर बसवून गुडघ्याच्या मागच्या खोबणीपासून जमिनीपर्यंत मोजलं, १७ इंच. पलंगाचे पाय चार इंच कापून टाकले. आता पट्ट्या आणि गादी धरून पावणेएकवीस होतात, आणि बसल्यावर गादी दबते ते वेगळं. तळवे जमिनीला टेकतात. खाली तेरा-चौदा इंच मोकळे राहिले, झाडू जातो, बॅटरी मारून विंचू-काटा पाहता येतो. याहून कमी केलं असतं तर मला ते रोज वाकून पाहणं जमलं नसतं.

पट्ट्या नुसत्या ठेवल्या तर सरकतात, आणि लाकूड लोखंडावर घासलं की रात्रभर करकर. करकरीवर उपाय सोपा निघाला. पोराच्या सायकलची फाटकी ट्यूब उभी कापून तिच्या पट्ट्या अँगलवर आणि मधल्या पाईपवर अंथरल्या. सरकू नयेत म्हणून वाढईभाऊ म्हणाले, वरून दोन लांब पट्टे मारून सगळ्या एकमेकींना बांधू, पण पट्टा जाड नको, गादीला टोचेल. "नवार असंन तं आना."

नवार होती. ती मामाजींच्या बाजेत होती.

मी काही बोलायच्या आधीच ते उठले, सपरीत गेले आणि बाज आडवी पाडून पायथ्याची गाठ सोडायला लागले. गाठ आवळलेली, बोटांनी सुटेना, तर दातांनी ओढली. मी म्हटलं, "मामाजी, वरोऱ्याहून नवीन आणू." म्हणाले, "डॉक्टरनं बंद केली ना? मंग कायले टांगून ठेवू?" सगळी नवार सोडून त्यांनी गुंडाळी केली, तिची घडी झटकली, जुन्या धुळीचा एक लोट निघाला, आणि गुंडाळी वाढईभाऊंच्या हातात दिली. डोक्याकडून पायाकडे दोन पट्टे, प्रत्येक पट्टीवर दोन-दोन छोटे खिळे, टोप्या आत बुडवलेल्या. उरलेली नवार मामाजींनी परत मागून घेतली.

सगळं मिळून खर्च झाला २,४०० रुपये. वाढईची दोन दिवसांची मजुरी, वेल्डिंग, खिळे. लाकूड विकत घ्यावं लागलं असतं तर अर्थात याच्या कितीतरी पट गेलं असतं, तेव्हा कुणी साध्या लाकडाच्याही करू शकतो, फक्त गाठीचं लाकूड घेऊ नये, पट्टी गाठीवरच तडकते. गादी पडली होती ९,५०० ला. प्लायचे १,६६४ गेले ते गेलेच. त्यातला बरा तुकडा गोठ्याच्या खिडकीला लागला.

दसऱ्याला दोरी धरून पाहिली. पाव इंच. दिवाळीतही तेवढंच. आता मी महिन्यातून एकदा गादी भिंतीला उभी करते, तासभर वारा देते आणि डोकं-पाय उलट करून परत टाकते. खालच्या बाजूला हात फिरवला की कोरडं, फटींच्या जागी किंचित थंड लागतं. मामाजींची कंबर पूर्ण बरी झाली असं मी म्हणणार नाही. व्यायाम ते चुकवतात आणि पेरणीच्या दिवसांत ऐकत नाहीत. पण सकाळचं ते "आई वं" बंद झालंय, आणि उठायला दांडा लागत नाही.

एप्रिलच्या शेवटी उकाडा सुरू झाला. एका संध्याकाळी सपरीतून ठक ठक आवाज आला म्हणून गेले तर मामाजी उघड्या बाजेसमोर बसलेले. उरलेली नवार पुरत नव्हती म्हणून बाजारातून हिरवी प्लास्टिकची नवार आणली होती, निम्मी पांढरी, निम्मी हिरवी अशी बाज विणत होते. मी नुसतीच उभी राहिले.

"रातच्या एक वाजेपर्यंतच," ते माझ्याकडे न पाहता म्हणाले. "मंग आत येतो ना गादीवर."

मी म्हटलं, "घट्ट विणा मग."

"तुह्या टेप आन बरं."

आणून दिला. त्यांनी दोन नवारींमधल्या फटीत टेपचं पातं घातलं, चष्मा वर सरकवला, डोळे बारीक करून पाहिलं आणि म्हणाले, "सव्वा इंच. कंपनीवालीले फोन करून इचार, चालते का."